वाचकांचे प्रश्न : उतारावरचे हिशेब

प्रश्न : ऑस्ट्रियात राहणारा माझा भाचा पंधरा वर्षांचा आहे. क्लबच्या स्की शर्यती जिंकतो. पुढच्या हंगामापासून ‘फिस पॉइंट’ सुरू होणार आणि ते जितके कमी तितके चांगले, असं बहीण सांगते. हा उलटा कारभार काय आहे? (एक मावशी, पुणे)

उत्तर : मावशी, कारभार उलटा नाही. हे गुण म्हणजे पहिल्यापासून तुम्ही किती मागे आहात त्याचं माप. आंतरराष्ट्रीय स्की व स्नोबोर्ड महासंघाचं म्हणजे ‘फिस’चं सूत्र असं : आपल्या वेळेला विजेत्याच्या वेळेनं भागायचं, त्यातून १ वजा करायचा आणि उरलेल्याला ठरलेल्या आकड्यानं गुणायचं. हा आकडा शर्यतीच्या प्रकारावर ठरतो : आखूड वळणांच्या स्लॅलमला ७३०, त्याहून लांब वळणांच्या जायंट स्लॅलमला १०१०, आणखी वेगवान सुपर-जीला ११९० आणि सर्वांत वेगवान डाउनहिलला १२५०. समजा, स्लॅलमच्या दोन फेऱ्या मिळून विजेत्याला १०० सेकंद लागले आणि भाच्याला १०३. म्हणजे ०.०३ गुणिले ७३०, २१.९ गुण. यात त्या शर्यतीची ‘पेनल्टी’ मिळवायची. नाव दंडाचं असलं तरी तो दंड नव्हे. मैदानात किती तगडे स्पर्धक होते, यावरून ती निघते. वर्ल्ड कपला, म्हणजे सर्वांत वरच्या दर्जाच्या शर्यतींना, शून्य, किरकोळ शर्यतीत बरीच जास्त. ती ३५ असेल तर भाच्याचे गुण ५६.९. अशा गेल्या बारा महिन्यांतल्या दोन सर्वोत्तम निकालांची सरासरी धरतात.

यातली गोम अशी की पडलं तर गुण बिघडत नाहीत. दहा शर्यतींत सहा वेळा गेट (ज्यांना वळसा घालत उतरायचं ते रोवलेले खांब) चुकलं तरी दोन झकास उतरल्या की काम झालं. म्हणून या वयाची मुलं जीव तोडून उतरतात, ते बेफिकिरीनं नव्हे.

खरी अडचण बिबच्या, म्हणजे छातीवरच्या कापडाच्या, नंबराची. त्याच क्रमानं उतरायचं असतं. पहिल्या पंधरांत चिठ्ठ्या टाकतात. त्यानंतर गुणांच्या क्रमानं सोडतात. नव्या पोराचा नंबर ८०-९०. तोवर प्रत्येक गेटाच्या वळणावर खोल चर पडलेली असते, स्की तीतूनच न्यावी लागते आणि वेळ जातो. नुसत्या मोठ्या शर्यती धरल्या तर नंबर सुधारत नाही. नुसत्या हलक्या धरल्या तर पेनल्टीच गुण खाली येऊ देत नाही. दोन्हींची मिसळ करणारा प्रशिक्षक मिळाला, तर तो सोडू नका.

प्रश्न : काश्मीरचे आरिफ खान २०२२ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये जायंट स्लॅलमला ४५वे आले. सुवर्णविजेत्या मार्को ओडरमॅटपेक्षा जवळपास ३८ सेकंद मागे! मग पात्र कसे ठरले? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : वरच्याच गुणांवर. ऑलिंपिकला जगातले सर्वोत्तम तेवढेच घेत नाहीत. किमान पात्रतेची मर्यादा गाठणारा खेळाडू असलेल्या देशालाही जागा मिळते. आणि ४५ या आकड्याला हसू नये. त्या दिवशी बर्फ पडत होता, पुढचं धड दिसत नव्हतं, कितीतरी नावाजलेले बाहेर गेले. शेवटपर्यंत उभं राहणं हे या खेळात वेगळं कसब आहे.

प्रश्न : मुलाच्या स्कीच्या कडांना मी घरीच धार लावतो. तरी कडक बर्फावर त्या पकडत नाहीत. (एक वडील, म्युनिक)

उत्तर : बहुधा बर, म्हणजे धार लावताना वळलेला धातूचा पापुद्रा, राहते. बाजूची कड ८७ अंशांच्या गाइडनं (कोन धरून ठेवणारा साचा) कानशीनं लावा. कानस टोकाकडून शेपटीकडे एकाच दिशेनं, हलक्या हातानं. मग डायमंड स्टोन, आधी जाड मग बारीक. यानंतर तळाकडच्या कडेवर नख आडवं फिरवून पाहा. अडकलं तर तिथं धातूचा केसाएवढा पापुद्रा वळलेला आहे. तळाकडची कड अर्ध्या अंशाच्या आसपास असते. ती दर वेळी घासू नका. तिथला कोन वाढला की स्की उशिरा पकडते आणि मशिनवर तळ घासून घेण्याखेरीज इलाज राहत नाही. वॅक्स लावताना इस्त्री एका जागी थांबवू नका, तळ पोळतो आणि मग वॅक्स शोषत नाही. फ्लोरिन असलेल्या वॅक्सच्या जुन्या वड्या असतील तर टाकून द्या. फिसनं २०२३-२४ पासून त्यांवर बंदी घातली आहे आणि ब्रशला लागलेला अंशही तपासणीत सापडू शकतो.

प्रश्न : यात पोट भरतं का? (एक विद्यार्थिनी, कोल्हापूर)

उत्तर : वरच्या मोजक्यांचं उत्तम भरतं. वर्ल्ड कपात पहिल्याला १०० गुण, दुसऱ्याला ८०, तिसऱ्याला ६०, असं करत तिसाव्याला १ (हे गुण वेगळे, इथं जास्त तेवढे चांगले). स्लॅलम आणि जायंट स्लॅलममध्ये पहिल्या फेरीतले तीसच दुसरीत जातात, तेव्हा एकतिसावा तसाच घरी. हेल्मेटवरच्या जाहिरातीचे पैसे नावाजलेल्यांना. अनेकांचा, नावाजलेल्यांचाही, आधार सरकारी नोकरी : सोफिया गोज्जा इटलीच्या ‘फियामे जाल्ले’ची, म्हणजे तिथल्या वित्तीय पोलिसांच्या क्रीडा पथकाची, तर २०२० मध्ये निवृत्त झालेली व्हिक्टोरिया रेबेन्सबर्ग जर्मनीच्या कस्टम्सची होती. आपल्याकडे सेनादलं, रेल्वे खेळाडूंना पोसतात तसंच.

या नोकरीची किंमत गुडघा गेल्यावर कळते. गुडघ्यातला एसीएल हा अस्थिबंध तुटला की साधारण नऊ महिने घरी. पगार मात्र चालू. तेवढ्यात राष्ट्रीय महासंघामार्फत फिसकडे दुखापतीचा अर्ज टाकायचा असतो. तो मंजूर झाला तर जुने गुण थोडी भर पडून का होईना टिकतात. नाहीतर परतल्यावर बिब पुन्हा ९० चा.