रशिया आणि जपान: वैर किती जुनं, आणि शांतता करार नेमका कुठे अडला

प्रश्न थोडक्यात असा आहे: 1905 मध्ये जपानने रशियाला हरवलं, 1945 मध्ये रशियाने वचपा काढून होक्काइदोजवळची चार बेटं (एतोरोफु, कुनाशिरी, शिकोतान आणि हाबोमाई हा लहान बेटांचा समूह) घेतली, म्हणजे हे पिढीजात वैर समजायचं का? आणि युद्ध संपून 80 वर्षं झाली तरी दोघांत शांतता करार का नाही?

आपल्याकडे 1905 कडे 'आशियाने युरोपला हरवलं' म्हणून पाहायची सवय लोकमान्यांच्या काळापासूनची. त्यामुळे पुढचं बरंच नजरेतून सुटतं. युद्ध संपून दोन वर्षं होतात न होतात तोच, 1907 मध्ये, दोघांनी मांचुरियातले (ईशान्य चीनमधले) आपापले हितसंबंध वाटून घेणारा गुप्त करार केला. 1910 आणि 1912 मध्ये त्यात भर पडली, 1916 मध्ये तर युतीच झाली. त्याच वर्षी जपानने युद्धात हाती लागलेल्या तीन रशियन युद्धनौका, त्यांत प्रसिद्ध 'वार्याग'सुद्धा, रशियाला परत विकल्या. पिढीजात वैरी असं वागत नाहीत. तेव्हा वैराची कहाणी बाजूला ठेवा आणि दोन्ही देश इतिहास कोणत्या तारखेपासून मोजतात ते पाहा. खरी गाठ तिथे आहे.

जपान मोजतो 7 फेब्रुवारी 1855 पासून. (रशियन पुस्तकात हीच तारीख 26 जानेवारी दिसेल, कारण तिथे तेव्हा जुनी दिनदर्शिका होती. एकोणिसाव्या शतकात फरक 12 दिवसांचा आणि विसाव्यात 13. 1905 ची त्सुशिमाची नाविक लढाई म्हणूनच एकीकडे 27-28 मे, तर दुसरीकडे 14-15 मे. हे ध्यानात नसेल तर एकच घटना दोनदा मोजली जाते.) त्या दिवशी शिमोदा इथे झालेल्या करारात सीमा कुरील बेटांच्या साखळीतल्या एतोरोफु आणि उरुप या बेटांच्या मधून गेली, आणि साखालिन या मोठ्या बेटाची वाटणी केलीच नाही. करार कोणत्या परिस्थितीत झाला तेही पाहण्यासारखं आहे. रशियाच्या अॅडमिरल पुत्यातिनची वाटाघाट सुरू झाली आणि लगेच, 23 डिसेंबर 1854 ला, भूकंप होऊन त्सुनामी आली. शिमोदा जवळजवळ धुऊन निघालं आणि 'दियाना' हे रशियन जहाज खिळखिळं झालं. दुरुस्तीसाठी हेदा गावाकडे ओढून नेताना ते बुडालं. मग हेदाच्या सुतारांनी रशियन अधिकाऱ्यांच्या आराखड्यावरून काही महिन्यांत एक स्कूनर (शिडाचं जहाज) बांधून दिलं. त्याला गावाचंच नाव दिलं. त्याच नमुन्यावर जपानने नंतर स्वतःसाठी आणखी जहाजं बांधली. सीमा युद्धाशिवाय ठरली हा जपानी युक्तिवादाचा पाया आहे, आणि 1981 पासून 7 फेब्रुवारी हा तिथे 'उत्तरेकडील प्रदेश दिन' म्हणून पाळला जातो तो याचमुळे.

1875 च्या सेंट पीटर्सबर्ग कराराने अख्खं साखालिन रशियाला गेलं आणि उरुपपासून शुम्शुपर्यंतची 18 बेटं जपानला मिळाली. या अदलाबदलीत मूळ रहिवासी ऐनू लोकांना कोणी विचारलं नाही. साखालिनच्या 800 हून अधिक ऐनूंना होक्काइदोत आणलं. 1884 मध्ये शुम्शुवरच्या 97 जणांना शिकोतानवर नेऊन वसवलं, आणि त्यांतले कितीतरी पुढच्या काही वर्षांत दगावले. 'आमची पूर्वापार भूमी' असं दोन्ही बाजू म्हणतात तेव्हा हे आवर्जून आठवावं.

1891 मध्ये ओत्सु इथे त्सुदा सान्झो नावाच्या पोलीस शिपायाने रशियाच्या युवराज निकोलसवर तलवारीने वार केला, आणि पुढे झार झाल्यावर त्याने तोच राग मनात धरून 1904 चं युद्ध ओढवलं, असं सर्रास लिहिलं जातं. ते फार सोपं करून सांगणं झालं. युद्धाचं मूळ 1895 मध्ये आहे. रशिया, जर्मनी आणि फ्रान्स यांनी दबाव आणून जपानला चीनकडून युद्धात जिंकलेलं लियाओतुंग द्वीपकल्प परत करायला लावलं, आणि 1898 मध्ये रशियाने तिथलंच पोर्ट आर्थर हे बंदर स्वतः भाडेपट्ट्याने घेतलं. जपानी माणसाला ही उघड फसवणूक वाटली. कोरियावरची ओढाताण पुढे त्यात मिसळली. ओत्सु प्रकरणात लक्षात ठेवावा तो न्यायाधीश कोजिमा कोरेकाता. सरकारला फाशी हवी होती. त्यासाठी ज्या कलमाचा आधार घ्यायचा होता ते जपानच्या राजघराण्यापुरतंच आहे, परक्या युवराजाला लागू नाही, यावर तो ठाम राहिला आणि शिक्षा जन्मठेपेचीच झाली.

एकमेकांविषयीच्या मतांत किती उलथापालथ झाली ते युद्धकैद्यांवरून नीट दिसतं. 1904-05 मध्ये सुमारे 70 हजार रशियन कैदी जपानात होते. जपानला सुधारलेल्या राष्ट्रांत मान हवा होता, म्हणून युद्धकैद्यांना कसं वागवावं याचे हेग कराराचे नियम काटेकोर पाळले गेले. मात्सुयामात कैद्यांना शहरात फिरायची मुभा होती. तिथे मेलेल्या 98 जणांच्या कबरी आजही गावकरी साफसूफ ठेवतात. तोक्योतले रशियन बिशप निकोलाय युद्धभर जपानातच राहिले. आपल्या जपानी अनुयायांना त्यांनी जपानच्या विजयासाठी प्रार्थना करायला सांगितलं आणि स्वतः मात्र त्या सार्वजनिक प्रार्थनेपासून दूर राहिले. चाळीस वर्षांनी चित्र उलटं झालं. 1945 नंतर सोव्हिएत संघाने सुमारे पावणेसहा लाख जपानी सैनिकांना सायबेरिया आणि इतरत्र मजुरीला जुंपलं, आणि जपान सरकारच्या हिशेबाने त्यांतले सुमारे 55 हजार मेले. रशियाचे अध्यक्ष येल्त्सिन यांनी 1993 मध्ये तोक्योत याबद्दल माफी मागितली. जपानी घराघरांत रशियाबद्दल जो अविश्वास आहे, त्यात बेटांइतकाच या छावण्यांचा वाटा आहे असं माझं मत आहे.

त्यात भर सोव्हिएत-जपान तटस्थता कराराची. 13 एप्रिल 1941 चा हा करार पाच वर्षांचा होता. 5 एप्रिल 1945 ला मॉस्कोने नूतनीकरणाला नकार दिला, पण मुदत एप्रिल 1946 पर्यंत आहे हे सोव्हिएत परराष्ट्रमंत्री मोलोतोव्हने जपानी राजदूत सातो यांच्यापुढे मान्य केलं होतं. जुलैमध्ये जपान मॉस्कोकडेच मध्यस्थीची याचना करत होता, आणि 9 ऑगस्टला हल्ला झाला. चार बेटं 28 ऑगस्ट ते 5 सप्टेंबर या काळात, म्हणजे सम्राटाने शरणागती जाहीर केल्यानंतर घेतली. तिथल्या सुमारे 17 हजार जपान्यांना पुढच्या काही वर्षांत बाहेर काढलं.

रशियन हिशेब वेगळ्या तारखांचा आहे. 1918 ते 1922 जपानी फौजा सायबेरियात होत्या, एका वेळी 70 हजारांहून अधिक. उत्तर साखालिन तर त्यांनी 1925 पर्यंत सोडलं नाही. 1939 मध्ये मंगोलियाच्या सीमेवर खाल्खिन गोलला दोघांत लढाई झाली. 1941 च्या उन्हाळ्यात, तटस्थता करार असतानाच, जपानने मांचुरियात हल्ल्याच्या तयारीने प्रचंड फौज जमवली होती. फेब्रुवारी 1945 च्या याल्ता परिषदेत दोस्त राष्ट्रांनी कुरील बेटं देऊ केलीच होती. म्हणून रशियन माणसाला 1945 हा हिशेब चुकता झाल्यासारखा वाटतो. यातही सोयीने बदललेली स्मृती आहे. जानेवारी 1905 मध्ये पोर्ट आर्थर पडलं तेव्हा लेनिनने त्या पराभवाचं स्वागत केलं होतं, आणि 2 सप्टेंबर 1945 ला स्टालिनने तोच पराभव देशावरचा डाग ठरवून 'आम्ही 40 वर्षं या दिवसाची वाट पाहिली' असं सांगितलं.

आता करार का अडला. 1951 च्या सॅन फ्रान्सिस्को करारात जपानने कुरील आणि 1905 मध्ये रशियाकडून मिळवलेल्या दक्षिण साखालिनवरचा हक्क सोडला, पण ते कोणाला दिले याचा त्यात उल्लेख नाही, आणि सोव्हिएत संघाने सहीच केली नाही. म्हणून जपानी शालेय नकाशात दक्षिण साखालिन आणि उरुपपासून पुढची बेटं आजही पांढरी, कोणत्याच देशाच्या रंगात नसलेली दिसतात. दक्षिण साखालिनमधल्या युझ्नो-साखालिन्स्क शहरात जपानचा वाणिज्य दूतावास आहे, तरीही. कुनाशिरी आणि एतोरोफु 'कुरील'मध्ये मोडतच नाहीत, असं जपान आज म्हणतो. ही बाजू लंगडी आहे. ऑक्टोबर 1951 मध्ये परराष्ट्र खात्याच्या करार विभागाचे प्रमुख निशिमुरा यांनी संसदेत ती दोन्ही कुरीलमध्येच येतात असं सांगितलं होतं, आणि सरकारने ती भूमिका 1956 मध्ये बदलली.

19 ऑक्टोबर 1956 च्या संयुक्त घोषणेत शांतता करारानंतर शिकोतान आणि हाबोमाई द्यायचं ठरलं. चारही बेटांच्या क्षेत्रफळात यांचा वाटा फक्त 7 टक्क्यांच्या आसपास. त्याआधी ऑगस्टमध्येच अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी बजावलं होतं की मोठी दोन बेटं (कुनाशिरी आणि एतोरोफु) सोडलीत तर आम्हीही आमच्या ताब्यातलं ओकिनावा सोडणार नाही. 1960 मध्ये जपान-अमेरिका सुरक्षा करार झाला, तेव्हा मॉस्कोने जपानमधली परकी फौज हटवायची नवी अट घातली. लहान बेटांचा प्रश्न मुख्यतः मासेमारीचा आहे. मोठ्या दोन बेटांमधली खोल सामुद्रधुनी मात्र रशियन नौदलाची ओखोत्स्क समुद्रातून प्रशांत महासागरात जायची वाट आहे. 2016 मध्ये आबे-पुतिन भेटीच्या तोंडावर या मोठ्या दोन बेटांवर जहाजविरोधी क्षेपणास्त्रं बसवली गेली, त्याचा अर्थ यातून लागतो.

2020 च्या रशियन घटनादुरुस्तीने भूभाग देण्याला बंदी घातली. शेजाऱ्याशी सीमा आखून घेण्याचा अपवाद तेवढा ठेवला. मार्च 2022 मध्ये, युक्रेनप्रकरणी जपानने निर्बंध लादल्यावर, मॉस्कोने वाटाघाटी थांबवल्या. उद्या 'बोलणी पुन्हा सुरू' अशी बातमी आली तर त्यात कोणत्या दस्तऐवजाचा हवाला आहे ते बघा. 1956 चा असेल तर विषय दोन बेटांचा. 1993 च्या तोक्यो घोषणेचा असेल तर चारही बेटं नावानिशी टेबलावर आहेत.