जुनं लेबल फाडू नका, आधी विंचू बाहेर काढा

महाविद्यालयाच्या संग्रहातल्या बाटलीवर 'ब्यूथस टॅम्युलस' लिहिलंय, आतले तिन्ही विंचू मात्र एकसारखे दिसत नाहीत, तर नाव बदलू का, असं तुम्ही विचारलंय. जरूर बदला, पण घाई नको.

जुनं नाव म्हणजे चुकीचं नाव नव्हे. आपला लाल विंचू फॅब्रिसियसने 1798मध्ये स्कॉर्पिओ टॅम्युलस म्हणून नोंदवला. पुढे तो ब्यूथस झाला, मग मेसोब्यूथस, आणि 2007पासून हॉटेंटोटा. डॉ. हिंमतराव बावस्करांनी महाडला ज्याच्या दंशावर प्राझोसिन हे औषध वापरलं, तो हाच. तेव्हा लेबल लिहिणाऱ्याला लगेच दोष देऊ नका.

खरी चूक बहुधा रंगावर विसंबल्याने होते. अल्कोहोलमध्ये रंग उतरतो, लालही मातकट दिसू लागतो. आकारही फसवतो. एका संग्रहातली अशीच टॅम्युलसची बाटली मी उघडली होती. सगळ्यात छोटा विंचू उलटा करून भिंगाखाली धरला, तर पायांच्या बुडांमधली छातीची चकती चक्क पंचकोनी! लाल विंचवाच्या ब्यूथिडी कुळात ती त्रिकोणी असते. ते इंगळीचं, म्हणजे दुसऱ्याच कुळातल्या मोठ्या काळ्या विंचवाचं पिल्लू होतं, आणि इतकी वर्षं कुणी त्याला पालथं केलंच नव्हतं. मला फार वाईट वाटलं.

म्हणून तुम्हीही तिथूनच सुरुवात करा. मग पोटाखालच्या कंगव्यांचे दात मोजा, शेपटीवरचे कंगोरे पाहा, शेवटी पुढच्या चिमट्यांवरचे संवेदी केस. या केसांची मांडणी फ्रेंच अभ्यासक वाशाँने 1974मध्ये पद्धतशीर लावून दिली, त्यामुळे भारतातल्या विंचवांवरच्या पोकॉकच्या 1900च्या ग्रंथावरून ओळखलेले नमुने पुन्हा तपासणं भागच आहे. केस गळले असले तरी त्यांची वाटीसारखी खळगी शिल्लक राहते. अंधारात अतिनील टॉर्च मारा. जुना नमुनाही हिरवट-निळा चमकतो आणि पांढऱ्या उजेडात न दिसणारे कण उठून दिसतात. नमुना मात्र सुकू देऊ नका.

जुनी चिठ्ठी कधीही काढायची नाही. गाव आणि तारीख तिच्यावरच असते. नवं नाव, तुमचं नाव, आजची तारीख जाड कागदावर पेन्सिलीने लिहून ती चिठ्ठीही बाटलीतच सोडा. तीन जाती निघाल्या तर तीन बाटल्या करा आणि प्रत्येकीत जुन्या चिठ्ठीची नक्कल घाला.

तिन्हींच्या छातीचे आणि चिमट्यांचे जवळून फोटो इथे टाका, मी बघतो.