कॅमेरा पण तूच, एडिट पण तूच, मग तू नक्की कोण?

"सगळंच थोडं थोडं करतोय, याला करिअर म्हणायचं का?" असं विचारणारी फ्रीलान्स मुलं माझ्याकडे बरीच येतात. त्यातल्या एकाबद्दल लिहिते, त्याला विचारूनच, ओळख कळणार नाही इतपत तपशील बदलून.

वय 33. बीडच्या ऊसतोड कामगारांवर चार वर्षं स्वतःच्या पैशाने डॉक्युमेंटरी करतोय. कॅमेरा तोच धरतो, कॉलर माईक तोच लावतो, एडिट, सबटायटल सगळं तोच, आणि हे भागावं म्हणून लग्नाचे व्हिडिओ. पहिल्याच सेशनला म्हणाला, "ताई, तिकडे मुकादम सीझनआधी कोयत्याला उचल देतो (नवरा-बायकोच्या जोडीला कोयता म्हणतात, हे मला त्याच्याकडूनच कळलं), ती फिटेपर्यंत ऊस तोडायचा. मी लग्नवाल्यांचा ॲडव्हान्स घेऊन लेन्सचं भाडं भरतो आणि मग तीन महिने त्यांचे व्हिडिओ कापत बसतो. माझी पण उचलच झालीये." बोलताना आवाज कापत होता.

मला वाटलं प्रश्न पैशाचा आहे. तो होताच, पण हळूहळू लक्षात आलं की हा एका वेळी एक काम करतच नाहीये, शूट करताना डोक्यात पेट्रोलचा हिशोब आणि एडिटला बसला की शूट करणाऱ्यावर म्हणजे स्वतःवरच चिडचिड, माईक का खरखरला, फोकस का सुटला. वर शॉट काढून टाकता येईना, पहाटे तीनला थंडीत बैलगाडीमागे पळत घेतलेला शॉट कसा टाकणार?

मी डॉक्युमेंटरी करणाऱ्या आनंद पटवर्धनांचं उदाहरण दिलं, तेही कॅमेरा आणि एडिटिंग स्वतः करतात, त्यांच्या 'जय भीम कॉम्रेड' या डॉक्युमेंटरीला 14 वर्षं लागली. तर म्हणाला, "ते पटवर्धन आहेत हो." बरोबर होतं त्याचं. उदाहरणाने घरभाडं निघत नाही.

मग वार ठरवले. सोमवार-मंगळवार फक्त एडिटर, कॅमेऱ्याला हात नाही. हिशोब शुक्रवारी दुपारी. लग्नाचा ॲडव्हान्स वेगळ्या खात्यात, काम देईपर्यंत काढायचा नाही, हे फार जड गेलं, पहिल्याच महिन्यात दोनदा मोडलं. इतके रोल करतो म्हणजे तो भरकटलाय असं मला कधीच वाटलं नाही, हातात पैसे नसले की डॉक्युमेंटरी अशीच होते, पण फुटेज दुसऱ्या कुणीतरी बघायला हवं होतं. एका एडिटर मैत्रिणीने बघितलं आणि तिने पहिला तो बैलगाडीचाच शॉट उडवला. दोन दिवस तिच्याशी बोलला नाही.

दिवाळीआधी, टोळ्या निघायच्या आत, 18 मिनिटांचा कट घेऊन तो वस्तीवर गेला, लॅपटॉपवरच दाखवला. बघून झाल्यावर एका मावशींनी विचारलं, "आमच्या गाडीमागं पळत होतास, ते कुठंय रे?"

रात्री मला मेसेज आला, ताई तो शॉट परत घालतोय.

मी म्हटलं घाल.