'जर्क चिकन'ला मराठीत 'झटका चिकन' म्हणावं का?

प्रश्न असा आहे: घरी ग्रिलवर जमैकन जर्क चिकन (मसाल्यात मुरवून धुरावर भाजलेलं) करते, कोल्हापूरच्या नणंदेला कृती मराठीत लिहून पाठवायचीय, जर्क म्हणजे झटका म्हणून वर 'झटका चिकन' असं लिहिलं तर चालेल का, आणि मॅरिनेट, ऑलस्पाइस, थाइम, स्कॅलियन ह्यांना मराठीत काय लिहू.

झटका चिकन नको, अजिबात नको. मटण-चिकनच्या बाबतीत झटका हा शब्द आपल्याकडे आधीच वेगळ्या अर्थाने पक्का बसलाय. एका घावात मान तोडलेलं ते झटक्याचं, दुसरं हलाल, आणि दुकानांवर तशा पाट्याही असतात. नणंदबाईंनी 'झटका चिकन' वाचलं की त्यांना वाटणार कोंबडी कुठल्या दुकानातून आणायची ते सांगितलंय, मसाल्याचा आणि धुराचा पत्ताच लागणार नाही.

आणि दुसरं म्हणजे ह्या शब्दाच्या मुळाशी झटका नाहीच. इंग्रजीत एकाच स्पेलिंगचे दोन निराळे शब्द आहेत. एक हिसका, धक्का ह्या अर्थाचा, तो आपण शाळेपासून ओळखतो. दुसरा खाण्यातला, आणि तो इंग्रजांनी स्पॅनिशमधून घेतला, स्पॅनिशांनी अँडीज पर्वतातल्या केचुआ भाषेतून. तिथला मूळ शब्द 'चार्की', अर्थ वाळवलेलं मांस. चार्की इंग्रजी कानावर पडून त्याचं जर्क झालं, पाकिटात मिळतं ते बीफ जर्कीसुद्धा ह्याच घरातलं. ज्यांच्या संग्रहातून ब्रिटिश म्युझियम उभं राहिलं ते हान्स स्लोन १६८७ ते १६८९ जमैकात होते, १७०७ साली छापलेल्या त्यांच्या वर्णनात रानडुकराची हाडं काढून, मांसाला आतून चिरा देऊन, मीठ भरून उन्हात ठेवायचं आणि ह्याला तिथे 'जर्किंग' म्हणतात असं आलेलं आहे. म्हणजे मीठ आणि ऊन, शेगडीचं नाव नाही.

आता ह्या मूळ अर्थाला, चार्कीला, मराठीत अगदी नेमका शब्द आहे आणि तो सांगायला मला फार आवडतं: चान्या. मांसाच्या लांब पट्ट्या कापून मीठ लावून दोरीवर उन्हात वाळत घालतात त्या चान्या. मराठवाड्यातल्या दलित घरांमध्ये हा रोजच्या जेवणातला शब्द होता, दलित आत्मकथनं वाचणाऱ्यांना तो भेटलेला असेल, पण पाककृतींच्या पुस्तकांत शोधायला गेलात तर हाती लागायची शक्यता कमीच, कारण ती पुस्तकं लिहिणाऱ्यांच्या घरात तो पदार्थच नव्हता. कुणी जर्कीला मराठी शब्द विचारला तर मी बेलाशक चान्या सांगते, 'वाळवलेले मांस' असलं पाठ्यपुस्तकी काही नाही.

पण तुम्ही चिकन वाळवत नाही आहात, निखाऱ्यावर भाजताय, तेव्हा शीर्षकात चान्याही चालणार नाही. मग उन्हात वाळवण्याचा शब्द विस्तवावर कसा आला? तर १६५५ मध्ये इंग्रजांनी जमैका स्पॅनिशांकडून घेतलं, त्या धामधुमीत आणि त्यानंतरही गुलामीत आणलेले कितीतरी आफ्रिकी लोक डोंगरात पळाले. ह्यांना मरून म्हणतात. बेटाच्या पूर्वेकडच्या ब्लू माउंटन्सच्या रानात रानडुक्कर मारायचं, मीठ-मिरची-मसाला चोळून टिकेल असं करायचं आणि हिरव्या लाकडाच्या काठ्यांवर मंद विस्तवावर भाजायचं, ही रीत त्यांच्याकडून पुढे आली, त्यात बेटावरच्या मूळच्या ताइनो लोकांचंही देणं आहे. इंग्रजांना हे लोक शेवटपर्यंत आवरले नाहीत, १७३९ मध्ये तह करावा लागला. पुढे पोर्टलँड भागातल्या बोस्टन बे गावाने ही चीज सगळ्या बेटाला चाखवली. पदार्थ मुळात डुकराचा, कोंबडी मागाहून आली, आणि आता जगभर कोंबडीच पुढे.

एक मत असंही ऐकू येतं की मांसाला टोचे मारून आत मसाला भरतात, टोचायला जमैकन बोलीत 'जूक' म्हणतात आणि त्यावरून जर्क. ऐकायला छान आहे पण स्लोनच्या वेळचा पुरावा वाळवण्याकडे बोट दाखवतो, म्हणून मी चार्कीच्याच बाजूने.

तर आज जर्क म्हणजे नुसता मसाला नाही, मुरवणं आणि भाजणं दोन्ही मिळून जर्क. २०१८ मध्ये ब्रिटिश शेफ जेमी ऑलिव्हरने 'जर्क राइस' नावाने पाकीटबंद भात बाजारात आणला तेव्हा ब्रिटनमध्ये खासदार डॉन बटलर ह्यांनी जाहीरपणे विचारलं होतं की जर्क म्हणजे काय हे तरी ठाऊक आहे का, आणि मला तो राग अगदी रास्त वाटतो, भात काय कुणी निखाऱ्यावर भाजतं का. ज्या लोकांनी जीव मुठीत धरून रानात ही रीत जपली त्यांचा शब्द आहे, तो तसाच ठेवावा. आपण पिझ्झा, मोमो, शोरमा तसेच घेतले, त्याचं भाषांतर करत बसलो नाही, तसंच हे.

म्हणून मराठीत 'जर्क'च लिहा. उच्चार फक्त सांभाळा, ह्यातला ज 'जग', 'जीव' मधला, 'जर', 'जहाज' मधला नाही, आणि लिहिलेलं पाहून पुष्कळ जण 'जर' सारखाच वाचतात म्हणून नणंदेला फोनवर एकदा म्हणून दाखवा. चिकन आपल्याकडे नपुंसकलिंगी तेव्हा 'जर्क चिकन झणझणीत झालं', मसाला पुल्लिंगी म्हणून 'जर्क मसाला', आणि ओलं असेल तर सरळ 'जर्कचं वाटण' म्हणा, मिक्सरमधून जे निघतं ते वाटणच असतं, त्याला पेस्ट म्हणायची गरज नाही. क्रियापद हवं असेल तर 'चिकन जर्क करणे' चालेल, फ्राय करतो, ग्रिल करतो तसं.

मॅरिनेटला मुरवणे. ह्यासारखा शब्द इंग्रजीत नाही असं माझं स्पष्ट मत आहे, कारण लोणचं मुरतं, मसाला मुरतो, म्हणजे नुसतं लावून ठेवणं नाही तर आत जाऊन एकजीव होणं, आणि जर्कला तेच पाहिजे असतं. 'तंगड्यांना हाडापर्यंत खोल चिरा द्या, वाटण चिरांत चोळून भरा, रात्रभर फ्रिजमध्ये मुरू द्या' एवढं लिहिलंत की नणंदेला सगळं कळेल.

सगळ्यात घोळ होतो तो ऑलस्पाइसचा. नावावरून वाटतं गरम मसाल्यासारखं मिश्रण असेल, तसं नाही, ते एकाच झाडाचं वाळवलेलं फळ आहे, मिरीपेक्षा जरा मोठं आणि तपकिरी. लवंग, दालचिनी, जायफळ सगळ्यांचा वास एकात येतो म्हणून इंग्रजांनी ते नाव दिलं. जमैकात त्याला पिमेंटो म्हणतात, कारण मिऱ्याच्या शोधात आलेल्या स्पॅनिशांना ते मिऱ्यासारखं दिसलं आणि मिऱ्याला त्यांच्याकडे पिमिएंता. हेच लोक मिरचीलाही पिमिएंतो म्हणायला लागले. गंमत बघा, मिरची अमेरिकेतून आपल्याकडे आली तेव्हा आपणही मिऱ्यावरूनच मिरची केलं. ऑलिव्हमध्ये भरलेला लाल तुकडा असतो तोही पिमेंटोच म्हणवतो पण ती गोड मिरची, तिचा इथे संबंध नाही.

भारतात दुकानदार ऑलस्पाइसला पुष्कळदा कबाबचिनी म्हणतात. इथे सावध राहायला हवं, कारण कबाबचिनी म्हणजे खरं तर कंकोळ, मिरीच्याच कुळातलं, दाण्याला बारीक शेपटीसारखा देठ असतो. नणंदेला सांगा की शेपटी दिसली तर ते कंकोळ, घेऊ नको. आणि ऑलस्पाइस मिळालंच नाही तर एक चमचा पुडीच्या जागी अर्धा चमचा दालचिनी, पाव चमचा लवंग, पाव चमचा जायफळ. ऑलस्पाइसच्या वासातला मुख्य भाग लवंगेतही असतो, त्यामुळे हे बरंच जवळ जातं.

थाइमला मराठी नाव नाही, थाइमच लिहा. पण पर्याय म्हणून ओव्याचं पान सांगा, तेच जाड लुसलुशीत पान ज्याची आपण भजी करतो. थाइम आणि ओवा दोन्हींच्या वासात थायमॉल नावाचं एकच द्रव्य आहे, आणि कॅरिबियनमध्ये ह्याच जाड पानाला 'ब्रॉड लीफ थाइम' म्हणतात, स्वयंपाकातही घालतात! दोनतीन पानं पुरे, वास दांडगा असतो. स्कॅलियन म्हणजे पातीचा कांदा, जमैकात त्याला स्कॅलियन किंवा एस्कॅलियन म्हणतात, तेव्हा नणंदेने शॅलट वगैरे शोधत फिरायचं कारण नाही.

मिरची मात्र स्कॉच बॉनेटच, स्कॉटिश टोपीसारखी चपटी गोल दिसते म्हणून ते नाव. तिखट म्हणाल तर भयंकर, पण तिचं खरं मोल फळासारख्या गोडसर वासात आहे. लवंगी घातली तर तिखटपणा येईल, तो वास येणार नाही. हॅबानेरो तिचीच बहीण, मोठ्या शहरात मिळते, आणि भूत जोलोकियाही नात्यातलीच, तिचा अगदी छोटा तुकडा. हातमोजे घालायला आवर्जून लिहा.

आता ग्रिल. मी टोरंटोजवळ राहते, एग्लिंटन रस्त्याच्या पश्चिमेकडच्या ज्या पट्ट्याला लिटल जमैका म्हणतात तिथे दुकानांबाहेर तेलाचे ड्रम उभे चिरून, बिजागरी लावून केलेल्या शेगड्या असतात. झाकण उघडलं की आधी धुराचा लोट येतो, मग काळीभोर कोंबडी दिसते, माणूस ती जाड लाकडी ठोकळ्यावर सुऱ्याने हाडासकट खटाखट तोडतो आणि मऊ पांढऱ्या पावाच्या स्लाइसबरोबर डब्यात भरून देतो. तो काळा रंग म्हणजे करपलेलं नव्हे. मसाला, सोया सॉस आणि साखर विस्तवावर तांबूस-काळे होतात, त्याला आपला शब्द खरपूस, आणि करपलं आणि खरपूस ह्यातला फरक नणंदेला समजावायला लागणार नाही, पण कृतीत शब्द खरपूसच लिहा म्हणजे ती घाबरून आधीच उतरवणार नाही.

भाजणे आणि शेकणे ह्यातलं भाजणे घ्या. 'धुरी देणे' नको, ती आपण पदार्थ झाल्यावर शेवटी निखारा ठेवून तूप सोडून देतो. इथे धूर पहिल्यापासून सोबत आहे आणि तो पिमेंटोच्या लाकडाचा, बोस्टन बेला तर कोळशावर त्याच झाडाच्या काठ्या मांडून त्यांवर मांस ठेवतात आणि वरून पत्रा झाकतात. रायगडकरांना हे सांगायला सोपं जातं, वालाच्या शेंगा मडक्यात भरून विस्तवात भाजतात त्या पोपटीत भांबुर्डीचा पाला काढला तर पोपटी राहत नाही तसंच हे. घरी ते लाकूड कुठून आणणार, तर ऑलस्पाइसचे मूठभर दाणे पाण्यात भिजवून फॉइलमध्ये सैल बांधायचे, चार भोकं पाडायची आणि निखाऱ्यावर टाकायचे. निखारे एका बाजूला, तंगड्या दुसऱ्या बाजूला, झाकण बंद, पाऊण ते एक तास, अधूनमधून उलटायच्या आणि शेवटची पाच मिनिटं थेट निखाऱ्यावर. थर्मामीटर असेल तर मांसाच्या आत ७४ डिग्री सेल्सिअस, नसेल तर हाडाजवळ टोचून रस गुलाबी येत नाही ना ते बघायचं. ओव्हन असेल तर २०० डिग्रीला ४० ते ४५ मिनिटं, धुराचा वास येणार नाही हे मात्र प्रामाणिकपणे लिहा.

शीर्षक 'जमैकन जर्क चिकन' द्या आणि खाली एकच ओळ, 'मसाल्यात मुरवून धुरावर भाजलेलं चिकन'. साहित्याच्या यादीत एक किलो तंगड्यांना एक टेबलस्पून ऑलस्पाइसचे दाणे, पातीचे पाच-सहा कांदे, मिरच्या दोन, आलं, लसूण, थाइम, थोडं जायफळ-दालचिनी, दोन चमचे गूळ, सोया सॉस, एका लिंबाचा रस, मीठ. आधी मिरची एकच घालून वाटण चाखायला सांगा, वाटण कच्चं चिकन लागायच्या आधीच चाखायचं हेही त्याच ओळीत लिहा.