कॅमेरा उचलायला माणसं असतात

प्रश्न : मुलीने नीट दिली, मेडिकलला लागेल एवढे गुण आले नाहीत. आता रिपीट करायला तयार नाही. ‘बो त्राव्हाय’ नावाचा फ्रेंच सिनेमा पाहिल्यापासून आन्येस गोदार या बाईंसारखी सिनेमॅटोग्राफर होणार म्हणते. आम्ही मोबाइल काढून घेतलाय. मुलीच्या जातीला एवढा अवजड कॅमेरा झेपेल का? एक वर्ष आधीच वाया गेलंय. तुम्हीच तिला समजवा.
– एक पालक, इस्लामपूर

उत्तर : गुणांची मला फारशी काळजी वाटली नाही, मोबाइलची वाटली. बारावी झालेल्या मुलीचा मोबाइल काढून घेता आणि वर ते कर्तव्य पार पाडल्यासारखं कळवता? धाकाने ती रिपीटला बसेलही. पण पुस्तक उघडं ठेवून भिंतीकडे बघणाऱ्या पोरीला कुठला क्लास गुण मिळवून देणार? शिवाय अख्ख्या पत्रात ‘तिचं म्हणणं असं’ म्हणून कारणाचं एक वाक्य नाही. तुम्ही विचारलंच नसावं. तेव्हा समजवायचं काम मी घेत नाही.

आता कॅमेऱ्याचं. सिनेमॅटोग्राफर म्हणजे कॅमेरा खांद्यावर वाहणारा माणूस, हा समज डोक्यातून काढा. सेटवर कॅमेरा उचलायला अटेंडंट असतो, दिवे हलवायला लाइटमन, आणि नटाच्या डोळ्यापर्यंत टेप धरून अंतर मोजायला फोकस पुलर. डीओपी, म्हणजे सिनेमॅटोग्राफरच, नटीच्या गालाशी उजेड मोजणारा लाइट मीटर धरून उभी असते आणि खिडकीतला दिवा किती खाली घ्यायचा ते सांगते. पगार या निर्णयाचा. गोदारबाई कॅमेरा बहुतेकदा स्वतःच चालवतात, हेही खरं. ‘बो त्राव्हाय’मध्ये आफ्रिकेतल्या जिबूतीच्या रखरखीत उन्हात कवायत करणारी सैनिकांची उघडी शरीरं त्यांनी टिपली, तेव्हा त्या पन्नाशीला टेकल्या होत्या. आजच्या अलेक्सा मिनी कॅमेऱ्याची नुसती बॉडी 2.3 किलोची आहे. लेन्स, बॅटरी चढल्यावर वजन वाढतं, पण घरचा गॅस सिलिंडर बाया सरकवतात तेव्हा कुणी जात काढत नाही.

आणि ‘वाया गेलेलं वर्ष’? गोदार 1951 च्या. आधी पत्रकारिता शिकल्या, मग पॅरिसच्या ‘इडेक’ या फिल्म स्कूलमधून 1980 मध्ये बाहेर पडल्या, म्हणजे तिशीच्या तोंडावर. पुढची कित्येक वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली. ‘विंग्ज ऑफ डिझायर’ या सिनेमावर (1987) त्या कॅमेरा ऑपरेटर होत्या, प्रकाशयोजना सत्तरी ओलांडलेल्या आंरी आलेकां यांची. ‘बो त्राव्हाय’च्या दिग्दर्शिका क्लेअर देनींच्या सिनेमांनी नाव झालं ते चाळिशीनंतर, आणि ‘बो त्राव्हाय’साठी फ्रान्सचा सेझार हा सिनेपुरस्कार मिळाला 2001 मध्ये. (प्रसिद्ध दिग्दर्शक जाँ-ल्यूक गोदार यांच्याशी नातं नाही, आडनाव तेवढं एक.)

मुलीनेही हे वाचावं. हाताखालची ती वर्षं तिलाही चुकणार नाहीत, आणि हे नोकरीचं काम नाही. सिनेमा संपला की पुढच्या कामाची वाट बघायची. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटला कोणत्याही शाखेची पदवी आणि प्रवेश परीक्षा लागते. ‘कुट्टी स्रांक’ या मल्याळम सिनेमाच्या सिनेमॅटोग्राफीसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या अंजुली शुक्ला तिथल्याच. फ्रान्समध्ये शिकायचं तर आधी फ्रेंच. थोडक्यात, एफटीआयआयची वाट धरली तर पदवी लागणारच. बीएस्सी फिजिक्स करू दे, प्रकाश आणि भिंगं तिथेही आहेत.

मोबाइल आज परत द्या, त्यावरच ती शूटिंग शिकेल. पुढचं पत्र तिला लिहू द्या. सिनेमा किती आवडला ते नको. कुठल्याही एका दृश्यातला उजेड कुठून येतोय, तेवढं लिहू दे.