१९५२ हे साल फिनलंडमध्ये इतकं खास का मानतात?

कारण त्या एका वर्षात देशाने मान वर केली. दुसऱ्या महायुद्धात हरल्यामुळे सोव्हिएत रशियाला ३० कोटी डॉलरची भरपाई द्यायची होती, तीही रोख नव्हे, तर जहाजं, यंत्रं, केबल अशा मालाच्या रूपात. जेमतेम ४० लाख लोकांनी ती फेडली. सप्टेंबरमध्ये शेवटची मालगाडी वाइनिक्कालाची सरहद्द ओलांडून गेली.

त्याआधी जुलैत हेलसिंकी ऑलिंपिक झालं. (१९४० चं युद्धात बुडालं होतं.) पावसात मशाल घेऊन फिनलंडचा पंचावन्न वर्षांचा महान धावपटू पावो नुर्मी धावत आला आणि अख्खं स्टेडियम उभं राहिलं. आपल्या खाशाबा जाधवांचं कुस्तीतलं कांस्य तिथलंच! शिवाय आर्मी कूसेला ही फिनिश तरुणी पहिली मिस युनिव्हर्सही त्याच उन्हाळ्यात झाली.