रात्रभराचा वायांग कॅमेऱ्यात घेताना

अनेक आशीर्वाद.

योग्याकार्ताला वायांग कुलितचं, म्हणजे जावाच्या चामडी बाहुल्यांच्या खेळाचं, थेट प्रक्षेपण करायचा तुझा बेत कळला. कॅमेरा कोणता घ्यावा, हे विचारलं आहेस. आधी आवाजाचं बघ. सगळ्या पात्रांचं बोलणारा दालांग, म्हणजे बाहुल्या खेळवणारा, एकटाच असतो. तोच चेंपाला, म्हणजे लाकडी ठोकळा, बाहुल्यांच्या पेटीवर ठोकतो आणि पायाने केप्याकच्या धातूच्या पट्ट्या वाजवतो. माइक नुसत्या संवादाच्या बेताने लावलास तर पहिल्याच ठोक्याला आवाज फाटेल. ठोके उणे १२ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नकोस. गामेलानला, म्हणजे साथीच्या वाद्यवृंदाला, माइक वेगळे.

पडदा पांढराशुभ्र, दिवा प्रखर. कॅमेरा 'ऑटो'वर ठेवला की बाहुली हलेल तसा उजेड वरखाली होतो. तेव्हा एक्स्पोजर आणि व्हाइट बॅलन्स दोन्ही बांधून टाक. तिथली वीज आपल्यासारखीच ५० हर्ट्झची, म्हणून २५ फ्रेम आणि १/५० शटर; नाहीतर दिवे लुकलुकतात. मुख्य कॅमेरा दालांगच्या बाजूला हवा, हल्ली बहुतेक प्रेक्षकही तिकडेच बसतात. सावल्यांची बाजू लढाईसाठी राखून ठेव.

खेळ रात्री नऊच्या सुमारास सुरू होऊन पहाटेपर्यंत चालतो. ४ एमबीपीएसने सात तासांना साधारण १२.६ जीबी डेटा लागतो. मोबाइलचं नेट मध्येच दगा देतं, त्यामुळे कार्डावरही रेकॉर्डिंग हवंच.

पूर्वी हे खेळ कॅसेटच्या संचांतून घरोघर ऐकले जायचे. थेट व्हिडिओने ती रात्र पुन्हा सलग केली. दालांग की सेनो नुग्रोहो यांनी या वाटेने कितीतरी तरुण वायांगकडे ओढले. २०२० मध्ये गर्दीला बंदी आली तेव्हा ते मोजक्या साथीदारांसह कॅमेऱ्यासमोर खेळ करत राहिले. त्याच नोव्हेंबरात ते गेले.

फिरतात मात्र तुकडे, आणि तेही बहुधा गोरो-गोरोचे, म्हणजे मध्यरात्रीच्या विनोदी भागाचे. त्यात सेमार, गारेंग, पेत्रुक, बागोंग या विदूषकांची थट्टामस्करी असते. तुकडे कर, माझी हरकत नाही. पण त्या विनोदाची धार आधीच्या तीन तासांच्या दरबारी गांभीर्यावर चढलेली असते. गुनुंगान, म्हणजे डोंगराच्या आकाराची बाहुली, पडद्याच्या मधोमध रोवला गेला की कथेचा टप्पा बदलतो. ती वेळ टिपून व्हिडिओखाली दे, म्हणजे तुकड्यावरून आलेल्याला मागे जाता येईल.

वायांगमध्ये महाभारताच्या कथा असतात, पण मराठी मथळे देताना आपलं महाभारत लादू नकोस. तिथे स्रिकांदी, म्हणजे आपला शिखंडी, ही स्त्री आहे, अर्जुनाची बायको. द्रौपदी एकट्या युधिष्ठिराची. याला 'चूक' म्हणणारी प्रतिक्रिया पहिल्या तासातच येईल. उत्तर आधीच लिहून ठेव.